पन्नास हजार वेळा मेलेला नट : सेइझो फुकुमोतो

गवतीचहा (धागाकर्ती)

'द लास्ट सामुराई' इथल्या बहुतेकांनी पाहिला असेल. त्यात टॉम क्रूझ त्या डोंगरातल्या गावात कैदी म्हणून राहतो, तेव्हा त्याच्यामागे सतत एक म्हातारा सामुराई चालत असतो. खप्पड गाल, खोल डोळे, तोंडातून एक शब्द नाही. क्रूझ बडबड करून थकतो आणि शेवटी स्वतःच त्याचं नाव 'बॉब' ठेवून टाकतो. पुढे क्रूझच्या वाट्याची गोळी हा माणूस आपल्या अंगावर घेतो, आणि त्या क्षणी पहिल्यांदा आणि शेवटचं बोलतो : "आल्ग्रेन-सान!" (आल्ग्रेन हे क्रूझच्या पात्राचं नाव.)

हे सेइझो फुकुमोतो. तेव्हा त्यांनी साठी गाठली होती आणि या क्षेत्रात येऊन पंचेचाळीस वर्षं झाली होती. या पंचेचाळीस वर्षांत त्यांनी मुख्यतः एकच काम केलं, नायकाच्या तलवारीने मरायचं. जपानमध्ये अशा नटाला 'किरारेयाकु' म्हणतात, म्हणजे कापला जाणारा. फुकुमोतोंना तिकडे 'पन्नास हजार वेळा कापला गेलेला माणूस' म्हणून ओळखतात.

थोडक्यात माहिती : जन्म ३ फेब्रुवारी १९४३, ह्योगो प्रांतातल्या कासुमी या समुद्रकाठच्या गावी (खेकड्यांसाठी प्रसिद्ध गाव). शाळा संपल्यावर क्योतोला एका नातेवाइकाच्या तांदळाच्या दुकानात नोकरी. ती मानवली नाही. १९५८ साली, पंधराव्या वर्षी, तोएइ कंपनीच्या क्योतोतल्या स्टुडिओत भरती. १ जानेवारी २०२१ रोजी फुप्फुसाच्या कर्करोगाने गेले, वय ७७.

जपानी शिकताना आमच्या सरांनी त्यांच्यावरचा एक कार्यक्रम दाखवला होता, तेव्हापासून हा माणूस डोक्यातून जात नाही. प्रश्न असा, की अशा आयुष्याला 'कारकीर्द' म्हणायचं का? चढण नाही, बढती नाही, पोस्टरवर नाव नाही. मला म्हणावंसं वाटतं. तुमचं काय मत?

---

पाटीवरचापेन

वाचनखूण साठवली. बॉब माझाही आवडता. त्या अख्ख्या सिनेमात कमीत कमी बोलून सगळ्यात जास्त लक्षात राहिलेला माणूस.

---

हिशेबतपासनीस

धागा छान, पण आमची सवय जात नाही. पन्नास हजार? १९५८ पासून पंचावन्न वर्षं धरली तरी वर्षाला नऊशेच्या वर मरणं आली. रविवार, दिवाळी, दसरा (म्हणजे त्यांचे जे काय सण असतील ते) काही न सोडता रोज अडीच वेळा. अर्धं मरण कसं मरायचं ते जाणकारांनी सांगावं.

---

गवतीचहा

हिशेबराव, आकडा बिरुदाचा आहे, लेखापरीक्षण झालेला नाही. :) पण वाटतो तितका अशक्यही नाही. एकाच मारामारीत एकच माणूस दोन-तीनदा मरतो. डावीकडून धावत आला, कापला गेला, पडला. कॅमेरा दुसरीकडे वळला की उठायचं, टोप आणि किमोनो बदलायचा, उजवीकडून धावत यायचं. नायकाने एका प्रसंगात तीस माणसं लोळवली असं आपल्याला दिसतं, प्रत्यक्षात बारा-पंधरा असतात. आणि त्या काळी काम प्रचंड होतं. तोएइने १९५४ पासून दर आठवड्याला दोन-दोन नवे चित्रपट एकत्र लावायला सुरुवात केली. तेवढा माल पुरवायचा म्हणजे क्योतोचा स्टुडिओ रात्रंदिवस चालायचा. सकाळी एका सेटवर मेलेला नट दुपारी दुसऱ्यावर, संध्याकाळी तिसऱ्यावर.

---

हिशेबतपासनीस

मग अडीच कमीच म्हणायचं. आक्षेप मागे.

---

दांडपट्टा

या विषयावर बोलायचा थोडा अधिकार आहे. कॉलेजात असताना एका ऐतिहासिक महानाट्यात मी गनीम होतो. नाव नसलेला गनीम. रोज प्रयोगाला दोनदा मरायचो, एकदा मुघल म्हणून आणि मध्यंतरानंतर आदिलशाही. (त्यामुळे वेश बदलून पुन्हा मरण्याचं वाचून भरून आलं.)

लोकांना वाटतं मारणं अवघड आणि पडणं सोपं. उलट आहे. मारणाऱ्याने ठरलेल्या जागी हात फिरवायचा असतो, बस. तो हात कुठे लागला, किती खोल लागला, तलवार जड आहे की हलकी, हे सगळं पडणाऱ्याच्या अंगावरून प्रेक्षकाला कळतं. मी आधी पडलो तर नायक हास्यास्पद. उशिरा पडलो तरी नायकच हास्यास्पद. आमचे मारामारी बसवणारे मास्तर म्हणायचे, "तू कसा पडतोस त्यावर महाराजांचं मनगट ठरतं."

फुकुमोतोंची एक खास पद्धत होती, 'एबीझोरी'. वार लागल्यावर पुढे कोसळायच्या ऐवजी कंबरेतून मागे वाकायचं. डोकं पार पाठीमागे, धनुष्य उलटं ताणल्यासारखं शरीर, क्षणभर तसंच थांबायचं आणि मग धाडकन खाली. यूट्यूबवर सापडेल, जरूर बघा. मी घरी गादी टाकून करून पाहिलं. गादी असूनही मानेने आठवडाभर असहकार पुकारला होता. तो माणूस हे दगडी फरसबंदीवर, पायऱ्यांवर, पाण्यात करायचा.

---

निळूफुलांचीवेल

एबीझोरी मुळात काबुकीतली आहे ना? समोरच्याच्या ताकदीपुढे पात्र मागे कमान करून वाकतं, ती मुद्रा. 'एबी' म्हणजे कोळंबी. कोळंबी उलट्या बाजूला वाकते हा मुद्दा सोडून देऊ.

---

दांडपट्टा

हो, तिथलीच. फुकुमोतोंनी ती मारामारीत आणली त्याच्यामागे मला एक हुशारी दिसते. घोळक्यातल्या माणसाची पाठ कॅमेऱ्याकडे असते, कारण चेहरा नायकाचा दिसला पाहिजे. तुम्ही पुढे पडलात तर पडद्यावर तुमची फक्त पाठ येते. मागे वाकलात की चेहरा उलटा का होईना, थेट कॅमेऱ्यासमोर येतो. नियम मोडला नाही, नायकाची जागा घेतली नाही, आणि तरी दोन सेकंद पडदा तुमचा.

---

पाटीवरचापेन

हे भारी आहे. दोन सेकंदांचा मालक.

---

रात्रपाळी

मी जरा विरोधी सूर लावतो. रागावू नये.

तीस वर्षं कामगार संघटनेत काढली, त्यामुळे अशी कौतुकं वाचली की माझा कान टवकारतो. या स्टुडिओत 'ओबेया' नावाची पद्धत होती, म्हणजे मोठी खोली. ताऱ्यांना स्वतंत्र खोल्या, आणि हे शेकडो बिनचेहऱ्याचे लोक एका मोठ्या खोलीत, मिळेल त्या कामाची वाट बघत. श्रेयनामावलीत नाव बहुतेक वेळा नाहीच. हाडं मोडली तर ज्याची त्याची. साठ वर्षं झाली की निवृत्ती. आणि मग जग म्हणतं, बघा किती निष्ठा, किती साधेपणा!

'नायकाला मोठं करणारा छोटा माणूस' ही गोष्ट मालकांना फार आवडते. फुकुमोतोंवरच्या पुस्तकाचं नावच 'कुठेतरी कोणीतरी बघत असतं' अशा अर्थाचं आहे म्हणे. बघत असतं ते ठीक, पण ते बघणारं कोणीतरी पगार वाढवतं का?

---

गवतीचहा

रात्रपाळीकाका, पुस्तक २००१ सालचं आहे आणि ते वाक्य फुकुमोतोंचं स्वतःचं आवडतं होतं, कंपनीने चिकटवलेलं नाही. पण तुमचा मुद्दा खोडावा असं नाही. ओबेयातून वर चढणारे फार थोडे. फुकुमोतोंनीही मुलाखतींतून स्वतःला कधी मोठं केलं नाही, त्यामुळे त्यांच्या तोंडून तक्रार सापडणं कठीण.

मात्र एक बघा. १९६० च्या दशकात दूरदर्शन संच घरोघरी आले आणि पोशाखी सामुराई चित्रपट कोसळले. १९६३ पासून तोएइने मोर्चा याकुझांकडे, म्हणजे जपानी गुंडटोळ्यांकडे, वळवला, आणि १९७३ मध्ये किंजी फुकासाकूंच्या 'बॅटल्स विदाउट ऑनर अँड ह्युमॅनिटी'पासून तर हिरोशिमाच्या गल्ल्यांतला खराखुरा रक्तपातच पडद्यावर आला. कित्येक तारे या बदलांत मागे पडले. फुकुमोतो तिथेही आहेत! तलवारीऐवजी पिस्तुलाने मरतायत एवढंच. पुढे सामुराई टीव्हीवर परतले तेव्हा परत तलवारीने. तारे आले, गेले, यांची मोठी खोली चालू राहिली.

---

रात्रपाळी

म्हणजे मालक बदलले, धोरण बदललं, बदली कामगार तोच. हे माझ्याच बाजूचं झालं की.

---

निळूफुलांचीवेल

काकांनी एका वाक्यात सामना फिरवला. :)

---

कान्साईकर

ओसाकात राहतो, उझुमासा (क्योतोतला स्टुडिओंचा भाग) तासाभरावर, म्हणून लिहितो.

क्योतोच्या पश्चिमेला रान्देन नावाची एका-दोन डब्यांची ट्राम चालते. उझुमासा-कोर्यूजी थांब्यावर उतरलं की समोर कोर्यूजी मंदिर, जिथे गालाला बोट लावून विचारात बसलेली मैत्रेयाची लाकडी मूर्ती आहे, आणि मागच्या बाजूला चालत पाच-सात मिनिटांवर तोएइचा स्टुडिओ. मूकपटांच्या काळातला मोठा तारा त्सुमासाबुरो बांदो याने १९२६ मध्ये तिथे स्वतःचा स्टुडिओ काढला, तोच पुढे हातोहात फिरत तोएइकडे आला. जवळच दाइएइ कंपनीचा स्टुडिओ होता, 'राशोमोन' तिथला. तो आता नाही, पण बाजारपेठेचं नाव अजून दाइएइ रस्ता आहे आणि तिथे दाइमाजिन या सिनेमातल्या दगडी दैत्याचा मोठा पुतळा उभा आहे. त्याच्या पायाशी आज्या भाजी घेऊन गप्पा मारत असतात.

तोएइने १९७५ मध्ये स्टुडिओचा एक भाग लोकांसाठी उघडला, 'एइगामुरा' म्हणजे चित्रपटांचं गाव. एदो काळातली गल्ली, पूल, तुरुंग वगैरे. तिथे तलवारबाजीचे खेळ होतात. पर्यटक नायकाचे फोटो काढतात. मी गेलो तेव्हा पावसाची भुरभुर होती, प्रेक्षक म्हणजे एक शाळेची सहल आणि आम्ही. तरी कापले जाणारे सगळे ओल्या फरशीवर पूर्ण ताकदीने आपटत होते. एक पोरगा पडल्यावर पहिल्या रांगेतल्या छोट्या मुलीला डोळा मारून पुन्हा मेला.

माझ्या शेजारच्या आजोबांना फुकुमोतोंचं नाव विचारलं तर आधी कळलं नाही. फोनवर फोटो दाखवला तर, "अरे, हा का! हा तर दर आठवड्याला घरी यायचा." 'मितो कोमोन' नावाची मालिका होती ना, १९६९ पासून २०११ पर्यंत चालली. निवृत्त सरदार वेश पालटून देशभर फिरतो, आठला सुरू, पावणेनऊच्या सुमाराला मारामारी आणि मग राजचिन्ह असलेली ती डबी दाखवून सगळ्यांना गुडघ्यावर आणायचं. चार दशकं तेच. आजोबा म्हणाले, डबी निघायच्या आधी हा दिसला की जेवणाची भांडी उचलायची वेळ झाली असं आमची बायको समजायची.

---

हिशेबतपासनीस

मरणारा माणूस घड्याळ म्हणून वापरणं ही खास गृहिणींची काटकसर.

---

मूळगावचिपळूण

अवांतर होतंय पण विचारतो. त्या तलवारी खऱ्या असतात का?

---

दांडपट्टा

छे. 'ताकेमित्सु' म्हणजे बांबू किंवा लाकडाचं पातं, वर चंदेरी वर्ख. जवळून दाखवायचं असेल तेव्हा हलक्या धातूची. वजन नसतं, म्हणून तर वजन अंगाने दाखवावं लागतं. मारामारी बसवणाऱ्याला तातेशी म्हणतात. मधोमध असणारा नायक तो 'शिन', आणि भोवतीचे सगळे 'कारामी'. कारामीचं कसब असं की नायकाने तलवार उगारण्याआधी अर्धा श्वास त्यांनी हल्ला करायचा. नायक चुकला, एखादा वार विसरला, तर तो विसरला हे प्रेक्षकाला कळू न देता आपणच नवीन जागी जाऊन मरायचं.

तो 'सपकन' आवाजही पूर्वी नव्हता. कुरोसावांच्या 'योजिम्बो'पासून (१९६१) मांस कापल्याचा आवाज आला असं मानतात. त्याआधीची तोएइची मारामारी नाचासारखी, सुंदर, कोरडी. नंतर सगळ्यांना घाम आणि चिखल हवा झाला. तोएइनेही १९६३ मध्ये 'थर्टीन असॅसिन्स' काढला (मूळचा, एइइची कुदोंचा, ताकाशी मीइके या दिग्दर्शकाचा रीमेक नव्हे). म्हणजे फुकुमोतोंना दोन्ही तऱ्हांनी मरायला शिकावं लागलं असणार, तालात आणि बेतालात.

---

तिसरीघंटा

इतकी स्तुती चालली आहे म्हणून एक थंड पाण्याचा हबका. 'द लास्ट सामुराई'तली ती भूमिका मला खटकते. पाश्चात्त्य सिनेमाला आवडणारा पौर्वात्य कसा? मुका, गूढ, निष्ठावान, आणि शेवटी गोऱ्या नायकासाठी मरणारा. वर त्याला नाव कोण देणार, तर गोराच, आणि काय, तर बॉब! शिवाय सिनेमा म्हणतो सामुराई बंदुकांना शिवत नसत. ज्या १८७७ च्या सात्सुमा बंडावर तो बेतलाय त्यात बंडाचा म्होरक्या साइगो याच्या माणसांकडे बंदुका आणि तोफा होत्या. अशा सिनेमामुळे जगाला फुकुमोतो कळले यात आनंद मानायचा की दुःख?

---

गवतीचहा

बंदुकांबद्दल शंभर टक्के सहमत. भूमिकेबद्दल अर्धी. कागदावर ती तुम्ही म्हणता तशीच आहे. पण पुन्हा बघा आणि फक्त त्यांच्याकडे बघा. क्रूझ काही विनोद करतो तेव्हा ते ऐकतच नाहीत असं दाखवत नाहीत. ऐकतात, तोलतात आणि प्रतिक्रिया गिळतात. मागून चालताना अंतर कायम तेवढंच. पंचेचाळीस वर्षं कॅमेऱ्याच्या कडेला राहून नायकाकडे लक्ष ठेवलेला माणूस आहे तो, आणि नेमकं तेच काम त्याला भूमिका म्हणून मिळालंय. लेखकाने रिकामी सोडलेली जागा नटाने भरली असं मला वाटतं.

जपानच्या अकादमी पुरस्कारांत त्यानंतर त्यांना विशेष पुरस्कारही मिळाला. तिकडच्या लोकांना निदान राग आलेला दिसत नाही.

---

तिसरीघंटा

पुरस्कार हा पुरावा नव्हे, पण अंतराचा मुद्दा बघण्यासारखा आहे. आज रात्री बघतो. क्रूझकडे न बघता 'लास्ट सामुराई' बघणं हा प्रयोगच आहे.

---

निळूफुलांचीवेल

'उझुमासा लाइमलाइट'चं नाव अजून कोणी कसं काढलं नाही? २०१४ चा चित्रपट, दिग्दर्शक केन ओचिआई. एकाहत्तराव्या वर्षी फुकुमोतो पहिल्यांदा नायक! (इथून पुढे कथा फुटते, चालत नसेल त्यांनी खाली उडी मारा.)

कामियामा नावाचा म्हातारा किरारेयाकु. वर्षानुवर्षं चाललेली मालिका बंद पडते, आता तरुणांना आवडेल असं नवीन, चकचकीत काहीतरी हवं. याला मारायलाही कोणी उरत नाही. मग रवानगी स्टुडिओच्या पर्यटनखेळात. तिथे सात्सुकी नावाची मुलगी त्याला गुरू मानते, लाकडी तलवार घेऊन पहाटे सराव सुरू होतो. ती पुढे तारका होते. चिहिरो यामामोतो या मुलीने ते काम केलंय, ती खरोखरची वूशू (चिनी युद्धकला) खेळाडू आहे, त्यामुळे हालचालीत खोट नाही.

शीर्षक चॅप्लिनच्या 'लाइमलाइट'ला नमस्कार आहे आणि सांगाडाही तोच, मावळता कलाकार आणि उगवती मुलगी. खरं सांगायचं तर पटकथा मला भाबडी वाटली. निर्माते लोक जरा जास्तच दुष्ट, संगीत जरा जास्तच ओलं. पण फुकुमोतो एकटे असतात ती दृश्यं... माणूस खोलीत बसून टोपाची पेटी बंद करतो, एवढंच. मुख्य भूमिका करायला ते आधी कचरत होते म्हणतात, आणि ते पडद्यावर दिसतं. चौकटीच्या मध्यभागी असतानाही ते किंचित कडेला उभे असल्यासारखे वाटतात. मॉन्ट्रियलच्या फॅन्टेशिया महोत्सवात या कामासाठी त्यांना सर्वोत्तम अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला, चित्रपटालाही मिळाला.

---

मूळगावचिपळूण

आपल्याकडे यावर कोणी सिनेमा काढेल का? हिंदीतले फायटर, ज्यांना आपण चेहऱ्याने ओळखतो, नावाने नाही. गोदामात रिकामी पिंपं असतात तिथे हमखास भेटणारे.

---

पाटीवरचापेन

त्या पिंपांवर वेगळा धागा होऊ शकतो. भारतातल्या सर्व गोदामांत रिकामी पिंपं का असतात?

---

हिशेबतपासनीस

पडताना आवाज यावा म्हणून. भरलेल्या पिंपावर पडून पाहा.

---

कान्साईकर

पिंपांकडून परत क्योतोला या मंडळी, एक महत्त्वाची गोष्ट राहिली आहे.

२०२४ मध्ये 'अ सामुराई इन टाइम' नावाचा सिनेमा आला. आइझू प्रांताचा एक खराखुरा सामुराई बाकुमात्सुच्या (शोगुनशाहीच्या अखेरच्या काळातल्या) धामधुमीत विजेच्या झटक्याने थेट आजच्या क्योतोतल्या स्टुडिओत येऊन पडतो. त्याला येणारी एकच विद्या म्हणजे तलवार. मग काय करणार? किरारेयाकु होतो! खऱ्या सामुराईला खोटं मरायला शिकवतात. त्यातली पहिली तालीम बघून आम्ही थिएटरात लोळायचे बाकी होतो, कारण सवयीने तो मरतच नाही, उलट शिकवणाऱ्यालाच कापून काढतो.

दिग्दर्शक जुनइची यासुदा स्वतः भातशेती करतो. स्वतःचे पैसे घालून काढलेला सिनेमा, पण तोएइच्या क्योतो स्टुडिओतल्या मंडळींनी पटकथा वाचून मदतीला हात दिला. सिनेमातली सहायक दिग्दर्शिका झालेली नटी चित्रीकरणातही खरोखर सहायक दिग्दर्शकाचं काम करत होती. ऑगस्टमध्ये तोक्योच्या इकेबुकुरोत एका छोट्या थिएटरात लागला, आणि लोकांनी एकमेकांना सांगत सांगत तीनशेच्या वर पडद्यांवर नेला. मार्च २०२५ मध्ये जपानच्या अकादमी पुरस्कारांत सर्वोत्तम चित्रपट!

आता मुद्द्याचं. त्यात सामुराईला मरायला शिकवणारे जे तातेशी आहेत, ती भूमिका फुकुमोतोंसाठी योजलेली होती. चित्रीकरणाच्या आधीच ते गेले. मग त्याच स्टुडिओत घडलेले रानतारो मिने यांनी ती केली. शेवटच्या नामावलीत चित्रपट फुकुमोतोंना अर्पण केल्याची ओळ येते. मी पाहिला त्या खेळाला ती ओळ येईपर्यंत कोणी उठलं नव्हतं.

---

तिसरीघंटा

हे माहीत नव्हतं. धन्यवाद.

काल प्रयोग केला. क्रूझकडे न बघता सिनेमा पाहिला. माझा आक्षेप पटकथेवर कायम आहे, नटावर नाही. एक निरीक्षण : गोळी लागल्यावर त्यांनी एबीझोरी केलेली नाही. साधं, जड पडणं आहे. इतक्या वर्षांची सही त्यांनी तिथे काढून ठेवली. ते पात्र चेहरा दाखवायला मरत नव्हतं, म्हणून असेल.

---

दांडपट्टा

क्या बात. हे माझ्या लक्षात आलं नव्हतं, आणि मी पडण्याचा स्वयंघोषित तज्ज्ञ आहे.

---

मूळगावचिपळूण

मी कालपासून 'आबारेन्बो शोगुन'चे तुकडे बघतोय, तो केन मात्सुदाइरा पांढऱ्या घोड्यावरून येतो ती मालिका. तिथे एक गंमत दिसली. लढाईच्या आधी शोगुन (म्हणजे जपानचा लष्करी सत्ताधीश) मनगट फिरवून तलवार उलटी करतो, बोथट बाजू पुढे. म्हणजे तो या लोकांना नुसता ठोकतो, कापत नाही. मुख्य खलनायकाला शेवटी त्याचे दोन हेर संपवतात. मग ते पडलेले सगळे बेशुद्ध आहेत ना?

---

हिशेबतपासनीस

थांबा! ही मालिका १९७८ पासून दशकानुदशकं चालली. तिथले सर्व मृत्यू वजा करावे लागतील. पन्नास हजारांचा ताळेबंद पुन्हा उघडतो आहे. मार्चअखेर आहे, उद्या बोलू.

---

गवतीचहा

त्या दोन हेरांच्या तलवारी बोथट नसायच्या, आणि फुकुमोतो त्यांच्या बाजूलाही वळत असतील. धरून चला.

---

रात्रपाळी

शनिवारी मुलीने 'उझुमासा लाइमलाइट' लावून दिला. निळूफुलांनी म्हटल्याप्रमाणे ओला आहे. तरी बोलायचं होतं ते सांगतो.

मालिका बंद झाल्यावर ऑफिसातला माणूस त्या सगळ्यांना बसवून सांगतो, आता तुमच्यासाठी इथे काम कमी असेल. वाक्यं सौम्य, चहा दिलेला, मान झुकवलेली. गिरण्यांच्या वेळेला आमच्याकडे हे भांडून, आरडाओरडा करून झालं होतं. तिथे सगळे गप्प बसतात आणि मला त्या गप्प बसण्याचाच जास्त राग आला. फुकुमोतो काम कसलं करतात, ते तसेच बसलेले आहेत. ते दृश्य त्यांनी आयुष्यात कितीदा खरोखर पाहिलं असेल कोण जाणे.

गवतीचहा, तुमच्या मूळ प्रश्नाला माझं उत्तर असं. कारकीर्द होती, नक्कीच होती. कसबी कामगाराची कारकीर्द, तिला कलावंताची म्हणून गोंजारू नका. कसबी कामगाराला जे द्यावं लागतं ते द्या. नामावलीत नाव, विमा आणि वेळेवर पैसे. फुलं नंतर.

---

गवतीचहा

काका, कसबी कामगार आणि कलावंत यांच्यात तुम्ही जी भिंत घालताय ती मला दिसत नाही. मागे वाकून चेहरा कॅमेऱ्यात आणणं हे कसब की कला? पण नाव, विमा, पैसे याला विरोध कोण करेल.

---

रात्रपाळी

भिंत मी नाही घातली. पगारपत्रक बनवणाऱ्याने घातली.

---

निळूफुलांचीवेल

कान्साईकर, तो सामुराईचा सिनेमा इंग्रजी उपशीर्षकांसह कुठे बघता येतो?

---

कान्साईकर

विमानात पाहिला असं एक-दोघांनी सांगितलं. माझ्याकडे जपानी चकती आहे, उपशीर्षकं तपासून सांगतो. आणि कोणी क्योतोला येणार असाल तर कळवा, रान्देनच्या दिवसभराच्या पासात एइगामुरा आणि दाइमाजिन दोन्ही होतात.

---

पाटीवरचापेन

पुढचा धागा हारुओ नाकाजिमांवर काढा कोणीतरी. १९५४ पासून १९७२ पर्यंत गोझिला या सिनेमातल्या राक्षसाच्या पोशाखात, म्हणजे त्याच्या पोटात बसलेला माणूस. 'सेव्हन सामुराई'मध्ये दरोडेखोरही होता. यांचा निदान चेहरा उलटा दिसायचा, त्यांचा तर तोही नाही.

---

दांडपट्टा

काढतो. रबराच्या पोशाखात कसं पडायचं हा माझा विषय नाही, पण अभ्यास करतो. रविवारपर्यंत द्या.